पाव किलो उडदाची डाळ आणि आबांचा मेदूवडा



गेल्या आठवड्यात आम्ही याच जागी रेशनकार्डात नव्या सुनेचे नाव कसे चढवायचे ते लिहिले होते. या आठवड्यात एकदम मेदूवड्यावर आलो म्हणून कोणी हसू नये. संसार म्हटला की कागदही आले आणि कढईही आली. शिवाय हा वडा आम्ही जिभेच्या चोचल्यासाठी केलेला नाही. तो आमच्या आबांसाठी केला आहे, आणि पहिल्या खेपेला चांगलाच बिघडवलाही आहे.

आबा म्हणजे आमचे वडील. वय ७६. दात जवळजवळ सगळे गेले, कवळी बसवून दिली तर ती डबीत असते. गुडघे धरल्यापासून जिना उतरणे बंद. दोन महिन्यांपूर्वी तापातून उठले, तोंडाला चव नव्हती. काय खावेसे वाटते असे विचारले, तर म्हणाले, "मेदूवडा. सांबारात बुडवून." आम्ही खालच्या हॉटेलातून आणून दिला. घरी येईपर्यंत तो कातड्यासारखा झाला होता. आबांनी अर्धा चघळला आणि बाजूला ठेवला. बोलले काही नाहीत.

आबांचे आणि मेदूवड्याचे नाते जुने आहे. १९६८ साली साताऱ्याकडच्या आमच्या गावाहून ते मुंबईला आले, तेव्हा अठरा वर्षांचे होते. गावात चहाच्या दुकानात आपल्या माणसांची कपबशी बाहेर वळचणीला ठेवलेली असे. चहा वरून ओतायचा, पिऊन झाला की आपणच धुऊन पुन्हा तिथेच ठेवायची. गिरणीत बदली कामगार म्हणून लागले आणि पहिला पगार झाला, तेव्हा खोलीवरचा एक सोबती त्यांना उडुपी हॉटेलात घेऊन गेला. त्या दिवसांत मुंबईत दाक्षिणात्यांविरुद्ध वातावरण तापलेले होते, उडुपी हॉटेलांवर दगडही पडत. तरी हे दोघे गेले. आबा ही गोष्ट अजून सांगतात : "पोऱ्यानं माझ्याम्होरं टेबलावर फडकं मारलं. नाव इचारलं न्हाई, गाव इचारलं न्हाई. क्या मंगता, एवढंच." सोबत्याने दोन प्लेट मेदूवडा सांगितला. पण आबांचे लक्ष वड्यावर नव्हतेच. आपला पाण्याचा ग्लास पोऱ्या उचलून कुठे नेतो हे ते पाहात होते. तो सगळ्यांच्या ग्लासांबरोबर एकाच टबात गेला. ते पाहिल्यावर मग त्यांनी वडा तोंडात घातला.

१८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि हॉटेलातली खाणी संपली. पुढे आबांना रखवालदाराची नोकरी लागली. पगाराच्या दिवशी ते दोन वडे बांधून आणीत, आई त्याचे चार भाग करी. आम्हा भावंडांना मेदूवडा अख्खा असतो आणि त्याला मधोमध भोक असते हे बऱ्याच उशिरा कळले.

तेव्हा या खेपेला आम्ही ठरवले की वडा घरीच करायचा, गरम गरम द्यायचा.

आमच्या घरी उडीद म्हणजे घुटे आणि पापड. तिसरा प्रकार आईने कधी केला नाही. आमच्या मंडळींना रविवारी जादा ड्यूटी होती म्हणून आम्हीच पदर खोचला. (पुरुषांनी स्वयंपाकघरात जावे असे आम्ही सभेत पुष्कळदा सांगितले आहे, पण मिक्सरचे झाकण कसे लागते हे त्या दिवशी प्रथम कळले.) डाळ शनिवारी रात्रीच भिजत घातली. वाटले, जितकी जास्त भिजेल तितकी मऊ. सकाळी मिक्सरला लावली, पाते फिरेना म्हणून पेलाभर पाणी ओतले. पीठ ताकासारखे झाले. ते घट्ट व्हावे म्हणून मैदा घातला. तेलात सोडल्यावर वडे पसरले, तेल पिऊन जड झाले, आणि एक फटकन फुटून आमच्या मनगटावर तेल उडाले. अजून डाग आहे. आबांनी एक तुकडा खाल्ला आणि म्हणाले, "भजी बरी झालीत."

आमच्या ऑफिसच्या वाटेवर, स्टेशनच्या पुलाखाली एक अक्का इडली-वड्याचा डबा घेऊन बसतात. धारावीला राहतात. मूळ तमिळनाडूतल्या तिरुनेलवेलीकडच्या, पण जन्म मुंबईचा, मराठी आमच्यासारखीच बोलतात. धारावीत तमिळ वस्ती फार जुनी आहे. मुंबईत सकाळी सायकलवरून विकल्या जाणाऱ्या इडल्यांतल्या बऱ्याचशा तिथल्याच चुलींवरच्या असतात. सोमवारी आमचे भाजलेले मनगट पाहून अक्कांनी चौकशी केली. आम्ही सगळी हकिगत सांगितली. त्या आधी पोटभर हसल्या आणि मग म्हणाल्या, "अण्णा, डाळ तुमच्यावर रागावली नाही, तुम्हीच तिला बुडवून मारली. रविवारी माझा धंदा नऊला संपतो. मी येते."

आणि खरोखरच आल्या. आम्ही वही घेऊन बसलो. त्यांनी सांगितले आणि करून दाखवले ते असे.

डाळ पांढरी, साल काढलेली घ्यावी. फुटक्या डाळीपेक्षा अख्खा पांढरा गोटा मिळाला तर तो बरा, पीठ जास्त फुगते. पाव किलो पुरे. तीन पाण्यांनी धुवावी आणि दोन, फार तर अडीच तास भिजवावी. रात्रभर मुळीच नाही. डाळ जास्त भिजली की पाणी जास्त धरते आणि मग वडा तेल पितो. भिजल्यावर चाळणीत निथळत ठेवावी. आम्ही घाईने भांडे उचलले, तर अक्कांनी हात धरला : "थांबा. पाणी गेल्याशिवाय मिक्सर नाही."

वाटणे हे यातले खरे काम. तिकडे पूर्वी हे रगड्यावर होई, तमिळमध्ये त्याला आट्टुक्कल म्हणतात. मधल्या खळग्यात दगड फिरवीत बाई तास तास बसे. पन्नासच्या दशकात कोइमतूरला विजेवर चालणारे दगडी ग्राइंडर निघाले आणि कित्येक बायांचे खांदे वाचले. आज त्या गावच्या ग्राइंडरला भौगोलिक मानांकनही आहे. आपल्या घरात ते यंत्र नसते, मिक्सर असतो, आणि मिक्सरचा दोष हा की तो तापतो. पीठ गरम झाले की हलकेपणा जातो. म्हणून डाळ तीन-चार वेळा थोडी थोडी घालावी, मिक्सर सलग न फिरवता थांबत थांबत फिरवावा, आणि पाणी फ्रीजमधले गार, तेही चमच्याने घालावे. पाव किलोला आम्हाला एकूण आठ चमचे लागले. आमच्या पेल्याची आठवण होऊन आम्ही मान खाली घातली.

मग पीठ पातेल्यात काढून हाताने फेटायचे. अक्का म्हणतात एकाच दिशेने फेटावे. दिशेचे आम्हाला ठाऊक नाही, पण फेटण्याचे कारण कळले. उडदात एक चिकट द्रव्य असते, डाळ धुताना बोटांना बुळबुळीत लागते तेच. ते आणि उडदातली प्रथिने मिळून हवा धरून ठेवतात. साबणाच्या फेसासारखी बारीक हवा पिठात बसते आणि तेलात गेल्यावर फुगते. सोडा नको, यीस्ट नको, आंबवणेही नको. हरभऱ्याच्या किंवा तुरीच्या डाळीला हे जमत नाही. पाच-सात मिनिटे फेटल्यावर अक्कांनी वाटीभर पाण्यात पिठाचा थेंब टाकला. तो तरंगला. बुडाला असता तर आणखी फेटायचे. ही परीक्षा आम्हाला फार आवडली. हो की नाही याचा निकाल जागच्या जागी.

यानंतर दोन चमचे तांदळाचे पीठ कुरकुरीतपणासाठी. जाडसर कुटलेले मिरे, जिरे, हिंग, किसलेले आले, बारीक मिरची, कढीपत्ता, आणि आवडत असल्यास ओल्या नारळाचे बारीक तुकडे. मिरे अख्खे घालू नयेत, तेलात उडतात. कांदा घालायचा तर अगदी शेवटी, त्याला पाणी सुटते. मीठही शेवटी. मीठ आधी घातले की पीठ सैल पडते, आणि सैल पिठाला मैद्याने बांधू गेले की काय होते ते आमच्या मनगटावर लिहिलेले आहे.

आता भोक. आम्हाला वाटे ते ओळखीसाठी असते. तसे नाही. पीठ जाड असते, मधला भाग तेलापासून लांब राहतो. बाहेरून लाल झाला तरी आत कच्चा राहील. भोक पाडले की तेल मधूनही लागते, वडा सगळीकडून सारखा शिजतो आणि आत वाफ कोंडून फुटत नाही. हात पाण्यात बुडवून लिंबाएवढा गोळा बोटांवर घ्यायचा, ओल्या अंगठ्याने मध्ये भोक पाडायचे आणि उलट्या हाताने तेलात अलगद सोडायचा. अक्कांच्या हातून एकामागून एक गोल निघत होते. आमचा पहिला आफ्रिकेच्या नकाशासारखा झाला. मग त्यांनी चहाच्या गाळणीची पाठ ओली करून तिच्यावर गोळा ठेवला, बोटाने भोक पाडले आणि गाळणी उलटी करून तेलावर झटकली. नवशिक्याला ही युक्ती सोपी, बोटेही वाचतात.

आच मध्यम. पिठाचा कण टाकला की तो तळाला न बसता लगेच वर यावा, पण काळा पडू नये. आच मोठी झाली तर आत कच्चा, बारीक झाली तर तेलकट. कढईत दाटी नको. पाच-सहा मिनिटांत दोन्ही बाजूंनी सोनेरी होतो.

नावाचेही थोडे सांगतो. कानडीत मेदु म्हणजे मऊ. मुंबईत उडुपीकडच्या लोकांनी हॉटेले काढली, त्यांच्या पाटीवरून ते नाव आपल्या तोंडी बसले. तमिळमध्ये हाच उळुंदु वडै, उडदाचा वडा. आंध्रात गारेलु. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातल्या 'मानसोल्लास' ग्रंथात उडदाच्या वड्यांचे वर्णन आहे, म्हणजे पदार्थ नऊशे वर्षांचा तरी झाला. सांबाराचे नाव तंजावरच्या मराठ्यांशी जोडणारी एक कथा सांगतात, आम्हाला ती दंतकथाच वाटते. आपल्याला सांबार म्हणजे तुरीची आमटी, चिंच आणि शेवग्याच्या शेंगा घालून, मसाला तेवढा वेगळा. आमच्या घरी तो विकतचाच होता.

वडे तळून होईपर्यंत आबा खाटेवरून सगळे पाहात होते. अक्कांनी वडा गरम सांबारात बुडवून पाच मिनिटे ठेवला, चमच्याने दोन भाग केले आणि स्वतः नेऊन दिला. आबांनी खाल्ला. कवळी डबीतच होती. दुसरा मागितला. आणि मग त्यांनी ती ग्लासाची गोष्ट अक्कांना सांगितली, जशी आजवर आम्हाला शंभरदा सांगितली तशीच.

अक्का ऐकून घेऊन म्हणाल्या, "आमच्या गावाला पण होतं, बाबा. इरट्टै कुवळै म्हणतात. दोन ग्लास. आमचा वेगळा. माझे वडील गावाला गेले की चहाच पीत नव्हते. मुंबईत दिवसाला आठ-आठ कप पिणारा माणूस."

आबा बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हंजे तिकडंबी."

तिकडेही होते, वाचकहो, आणि हॉटेलातही होते. ज्या मेजाने आबांना १९६८ मध्ये माणूस म्हणून बसवले, तसल्या मेजावर दक्षिणेत एके काळी सगळ्यांना सारखे बसता येत नसे. तिथल्या रेल्वे स्टेशनांवरच्या उपाहारगृहांत ब्राह्मणांची बसण्याची जागा वेगळी असे. पेरियार ई. व्ही. रामसामी यांच्या चळवळीनंतर १९४१ साली ती पद्धत बंद झाली. हॉटेलांच्या पाट्यांवरचा 'ब्राह्मणाळ' हा शब्द पुसून टाकण्यासाठी त्यांना १९५७ सालीही मद्रासमध्ये आंदोलन करावे लागले. तोवर संविधान लागू होऊन सात वर्षे झाली होती. त्याच्या पंधराव्या कलमाच्या दुसऱ्या खंडात दुकाने, सार्वजनिक उपाहारगृहे आणि हॉटेले यांत जातीवरून कोणालाही अडवता येणार नाही असे स्पष्ट लिहिलेले आहे, आणि १९५५ चा अस्पृश्यता गुन्हे कायदाही झाला होता. आबांना कलमाचा आकडा ठाऊक नव्हता. पोऱ्याने फडके मारले एवढे त्यांना ठाऊक होते.

चहा झाल्यावर अक्का आपला कप घेऊन मोरीकडे निघाल्या. आबा खाटेवरून ओरडले, "ठिव तितंच पोरी. समद्यांबरोबर निघंल." अक्का हसल्या आणि कप ठेवला.

आता हिशेब. आम्ही बी.कॉम. झालेले कारकून, त्याशिवाय झोप येत नाही. पाव किलो डाळीचे आमच्या वाण्याकडे तीस-पस्तीस रुपये पडले. तिचे १७ वडे झाले, एक अक्कांनी चाखायला मोडला तो धरून. तेल तळल्यानंतर मोजले, साठ-सत्तर मिली कमी भरले. मसाला, नारळ, गॅस धरून एक वडा साधारण चार रुपयांच्या आत बसला. साध्या हॉटेलात दोन वड्यांच्या प्लेटला आमच्या भागात पन्नास-साठ रुपये घेतात. वहीत हा फरक लिहून आम्ही मोठ्या ऐटीत अक्कांना दाखवला. त्यांनी विचारले, "आणि मजुरी कुठे लिहिली?" त्या पहाटे तीनला उठतात, पाणी भरतात, वाटतात, तळतात, सातला पुलाखाली बसतात. आम्ही मजुरीचा रकाना ओढला आणि तो अजून रिकामाच आहे. काय भरावे ते सुचत नाही.

शिकवणीचे पैसे द्यायला गेलो तर त्यांनी घेतले नाहीत. पिशवीतून प्लास्टिकमध्ये गुंडाळलेले कागद मात्र काढले. फेरीवाल्यांच्या नोंदणीचा अर्ज अर्धा भरून पडला होता. २०१४ साली पथविक्रेत्यांचा कायदा झाला, त्यात उपजीविकेला संरक्षण आहे, सर्वेक्षण करून प्रमाणपत्र द्यायचे आहे. पण कायदा आणि पूल यांच्यामध्ये कागद असतो. गाडी आली की डबा उचलून पळावे लागते, आणि हे त्यांनी वीस वर्षे केले आहे. अर्ज आम्ही तिथेच बसून भरला, पत्त्याचे पुरावे लावले, झेरॉक्स काढून दिल्या. पोच मिळाली आहे. पुढे काय होते ते या सदरात कळवू. ज्यांच्या घरी कोणी असा धंदा करीत असेल त्यांनी अर्जाची पोच शिक्का मारूनच घ्यावी, तोंडी "हो, घेतला" यावर राहू नये.

काही किरकोळ गोष्टी राहिल्या. पीठ फार वेळ ठेवू नये, बसते. उरलेच तर दुसऱ्या दिवशी पुन्हा फेटून आप्पेपात्रात चमचाभर तेलावर लावावे, ज्यांना तळण वर्ज्य आहे त्यांनाही ते चालते. तळून उरलेले वडे कोमट पाण्यात दहा मिनिटे भिजवून, हलके दाबून दह्यात सोडावेत. तमिळ घरांत त्याला तयिर वडै म्हणतात. दात नसलेल्या म्हाताऱ्या माणसांना आणि लहान मुलांना तो सांबारातल्यापेक्षाही सोपा जातो. उडदाच्या शंभर ग्रॅम कोरड्या डाळीत साधारण २३-२४ ग्रॅम प्रथिने असतात, तेव्हा आजारातून उठलेल्या माणसाला नाश्त्याला नुसता चहा-बटर देण्यापेक्षा हे बरे. मात्र मधुमेह, रक्तदाब असेल तर तेल-मिठाचे डॉक्टरांना विचारावे. आबांच्या डॉक्टरांनी आठवड्याला दोन वड्यांची परवानगी दिली आहे. आबा म्हणतात दिवसाला दोन असे सांगितले होते.

पुढच्या रविवारी अक्का आंध्राचा पेसरट्टू दाखवणार आहेत. अख्खे हिरवे मूग भिजवून, आले-मिरची घालून वाटायचे आणि डोशासारखे तव्यावर लावायचे. त्याला आंबवणे नाही, तळणही नाही. या खेपेला आमच्या मंडळींना सुट्टी आहे, तेव्हा वही त्या धरतील आणि मिक्सर आम्ही.